मूर्ती सोडून

पुष्पावती : ...आणि पूर्वेची भिंत? ती तरी उभी आहे ना, यशया?

यशया : पूर्वंचीच पडली, बाईसाहेब. काठाशी जाऊ नका. माती सुटलीय.

पुष्पावती : तारेत नुसतं एवढंच, 'बारव ढासळली, या'. नगरपासून इथवर गाडीत जीव थाऱ्यावर नव्हता माझा. किती चिरे पडले?

यशया : साठ-सत्तर आसतील. मोजलं न्हाईत.

पुष्पावती : तू मोजले नाहीस? चौदा वर्षं एकेक चिरा नंबर घालून बसवलास, आणि मोजले नाहीस?

यशया : न्हाई मोजलं.

पुष्पावती : आणि मूर्ती? देवळ्यांतल्या?

यशया : पडझडीत धड ऱ्हायल्या. भित वरनं सुटली. खालची देवळ्यांची रांग जागच्या जागी हाय. नाचनारीच्या पैंजनाचा टवकासुदिक उडाला न्हाई.

पुष्पावती : देवच पावला म्हणायचा. मग काय, भिंत पुन्हा उभी करू. तू असा पडलेला चेहरा करू नकोस. आपण पहिल्यांदा उतरलो तेव्हा काय होतं इथे? उकिरडा! अठ्ठाविसाव्या वर्षी कुंकू पुसलं गेलं, नवऱ्याची जिनिंग फॅक्टरी विकली आणि जुने दगड सांभाळत बसले. दीर म्हणाले, वहिनींना वेड लागलंय. नगरात अजून मला पाठीमागे दगडबाई म्हणतात. म्हणोत. दर्ग्याची कमान केली, वेस केली, दीपमाळ केली. पण जीव लागला तो या बारवेतच. आणि तुझ्यासारखा पाथरवट मला दुसरीकडे मिळाला नाही. उद्यापासून माणसं लाव. मी राहतेच आहे चार दिवस. एलिझाबेथला सांग, माझी पथारी शाळेत टाकायला. कुठाय तुझी बायको? एरवी गाडीचा आवाज आला की चहा टाकते.

(यशया डोक्याचं मुंडासं काढून हातात धरतो.)

पुष्पावती : यशया?

यशया : भितीखाली घावली. शुक्रवारी दुपारी.

पुष्पावती : कोण?

यशया : एलिझाबेथ.

पुष्पावती : काय बोलतोयस!

यशया : पानी पार तळाला गेल्तं. झऱ्याच्या तोंडाशी बसून वाटीवाटीनं हंडा भरत हुती. आदी माती आली, मग चिरे. दीड घंटा उपसत हुतो आमी. शनवारी माती दिली.

पुष्पावती : तारेत नव्हतं रे हे.

यशया : तार मी न्हाई केली. गोरक्षनाथ सरपंचानं केली. त्याला वाटलं, तुमाला बारवंचंच कळवायचं आसतं.

पुष्पावती : आणि मी आल्या आल्या तुला चिरे विचारले. मूर्ती विचारल्या.

यशया : व्हय.

पुष्पावती : मला कुठे माहीत होतं... पण टेकू का नाही लावलेस? तूच मला शिकवलंस ना, बारवेत पाणी आहे तोवर भिंतीला आधार आहे, पाणी उपसलं की भिंत पोट काढणार. दोन पावसाळे कोरडे गेले, गाव सगळं पाणी ओढणार, हे तुला दिसत होतं!

यशया : फागनात पत्र धाडलं हुतं तुमाला.

पुष्पावती : मी उत्तर दिलं. पाणी घेऊ द्या, असंच लिहिलं. पाण्याला मी नाही म्हटलेलं नाही.

यशया : पान्याला न्हाई म्हनला न्हाईत. 'टेकू मूर्ती सोडून लावा', आसं लिवलंत.

पुष्पावती : मग सोडून लावायचे होते!

यशया : कुठं? त्या भितीच्या पोटाला सगळी देवळ्यांचीच रांग. टेकू नुसता टेकवला तर सरकतो, बाईसाहेब. त्याला दगडात खोबन लागती. चार खोबनी मागितल्या हुत्या. टीचभर.

पुष्पावती : सातशे वर्षांचं काम आहे ते. एकदा छिन्नी लागली की संपलं.

यशया : तेच लिवलं हुतं तुमी. 'मूर्तीला छिन्नी लावलीस तर ती माझ्या अंगाला लागली असं समज.' पाठ हाय मला.

पुष्पावती : तू ऐकायचं नव्हतंस! मी तिकडे नगरला बसलेली. माणसं खाली उतरत होती ती तुझ्या डोळ्यांसमोर. माझं कसलं ऐकतोस!

यशया : मी ऐकनार नव्हतोच. छिन्नी-हातोडा घिऊन निम्म्या पायऱ्या उतरलो हुतो. तिनं आडवलं.

पुष्पावती : एलिझाबेथनं?

यशया : तुमाला धाडलेलं पत्र तिच्याच हातचं हुतं. मिशनच्या शाळंत शिकलेली ती. तुमचं उत्तरबी तिनंच वाचून दावलं. म्हनली, 'गावात आपल्या हातचं पानी कुनी पीत न्हाई. पर ती बाई चौदा वर्सं माझ्या कपातनं चहा पिली. तिला दुखवायचं न्हाई.' छिन्नी माझ्या हातातनं काढून घितली.

पुष्पावती : नको. पुढे सांगू नकोस.

यशया : पुढं काय न्हाईच.

पुष्पावती : तिच्या नावाचा दगड बसवू आपण. पहिल्या पायरीशी, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल असा. अक्षरं तू कोर. मी नगरला बिशपसाहेबांना भेटते, कोणतं वचन घालायचं ते...

यशया : दगूड नको.

पुष्पावती : मग काय करू, सांग. बारव बंद करू? आजच तारेचं कुंपण घालते.

यशया : बंद करून कसं चालंल? टँकर आठ दिसांनी येतो. आला तरी आमच्या वाडीपातूर पोचत न्हाई. कालपास्नं बायका परत उतरायल्यात.

पुष्पावती : त्या फुटक्या भिंतीखाली?

यशया : दुसरं पानी कुठं हाय?

पुष्पावती : मग छिन्नी घे, यशया. आत्ता घे. मूर्ती गेल्या तरी चालतील. मी सांगते आहे ना, मार खोबणी!

यशया : परवाच मारल्या. चारी. एक नाचनारीच्या छातीत आली. तुळया ठोकून बसवल्या.

पुष्पावती : मला विचारलं नाहीस.

यशया : न्हाई.

पुष्पावती : ...बरोबर केलंस.

यशया : बरुबर करायला मला दोन दीस उशीर झाला, बाईसाहेब.

पुष्पावती : मी खाली उतरते. हात धर माझा. कुठे होती ती, तेवढं मला दाखव.

यशया : आत्ता नको. खाली वाडीतल्या बायका हायेत. तुमचं पत्र त्यास्नी ठावं हाय. त्यास्नी तुमी दिसायला नको. त्यांचं पानी भरून व्हऊ द्या. मग उतरा.