डावीकडचा निळा

वहिनी : तेवढं एक वाक्य काढा, भाऊजी. बाकी कार्यक्रम कसाही दाखवा.

निवेदक : वहिनी, सगळा कार्यक्रम त्याच वाक्यावर उभा आहे. आणि ते तुमच्या नवऱ्यानंच सांगितलंय, स्वतःच्या चित्रापाशी उभं राहून.

वहिनी : समोर तुम्ही होतात म्हणून बोलून गेले. मित्राला सांगितलं त्यांनी. टीव्हीला नाही. तुम्ही गेल्यापासून ब्रशला हात लावलेला नाही.

निवेदक : मग त्यानं यायचं होतं.

वहिनी : तुम्हाला नको म्हणायला त्यांना कधी जमलंय?

संकलक : सर, संध्याकाळी दाखवायचंय. काय ते लवकर ठरवा, मला पुढचं जोडायचंय.

निवेदक : थांब जरा. वहिनी, लोक काय लिहितात ठाऊक आहे? "हे काय फासलंय? आमचं शेंबडं पोरही काढील." इतके भाग मी नव्या चित्रांवर बडबडतोय, एकाला तरी काही पोचलं की नाही, देव जाणे. बहुतेक नाहीच. पण डावीकडचा तो निळा पट्टा म्हणजे गच्चीवरून उडी टाकलेला भाऊ, एवढं ऐकलं की घराघरांत चित्र कळेल.

वहिनी : आमच्याही घरात कळेल. आईंना आम्ही सांगितलंय, गच्चीवर कपड्यांची दोरी बांधताना थोरल्या दिरांचा पाय घसरला. इतकी वर्षं तेच धरून बसल्यात त्या. आज शेजारणींना बोलावलंय. "धाकट्याचं चित्र टीव्हीवर येणार," म्हणून.

निवेदक : त्यांना कधी विचारलंत, चित्रात काय दिसतं?

वहिनी : विचारलं होतं. म्हणाल्या, "मला बाई काय कळतंय यातलं! रंग सांडल्यासारखा वाटतो."

निवेदक : बघा! म्हणजे सांगितल्याशिवाय कुणालाच...

वहिनी : पुसतात मात्र रोज. पदरानं. सबंध चित्र नाही, तो निळा तेवढा.

(निवेदक पडद्यावरच्या निळ्या पट्ट्याजवळ जाऊन उभा राहतो.)

संकलक : सर?

निवेदक : काढ ते वाक्य.

संकलक : नक्की? मग त्या जागी तुम्ही काही बोलणार?

निवेदक : मी काय बोलू? मला तरी काय कळतंय यातलं.

संकलक : नुसतं चित्र राहील हं. आवाज गेला समजून लोक टीव्हीला थपडा मारतील.

निवेदक : मारू देत.

वहिनी : येते मी, भाऊजी. ह्यांना सांगते.

निवेदक : त्याला म्हणावं... नाही, राहू दे. मीच येईन.

संकलक : सर, कॅमेरा त्या निळ्यावर फार रेंगाळलाय. आता बोलणंच नाही, तर तोही कापू?

निवेदक : नको. तेवढा राहू दे. आई बघत असतील.