हळदीच्या विरुद्ध

आणि वर ट्रस्टची मंडळी मलाच विचारतात, "ताई, तुमी हळदीच्या विरुद्ध हाय का?" आता काय सांगायचं... सांगलीत राहून कोण हळदीच्या विरुद्ध असेल हो? माझं बाळंतपण हळदीच्या दुधावर निघालं, विरुद्ध कसली मी? माझंच चुकत असेल म्हणा.

तुम्हाला सांगते, ऐकू न येणाऱ्या मुलांची आमची शाळा, तिच्या ट्रस्टची गुंतवणूक मी बघते, आणि माझी अपूर्वाही तिथंच शिकते, चार वर्षांची, म्हणजे नोकरीही तिथंच आणि जीवही तिथंच टांगलेला. तर निधी कसा, थोडा ठेवींत, थोडा शेअरमध्ये, आणि मी भांडून भांडून एक लहानसा हिस्सा मॅनेज्ड फ्युचर्समध्ये टाकायला लावला. म्हणजे वायद्यांचा फंड. सोनं, कापूस, शेअरबाजार, हळद, जे चढतंय त्याचा वायदा घ्यायचा, जे उतरतंय त्याचा आधीच चढ्या भावानं विकून ठेवायचा आणि पडल्यावर स्वस्तात परत घ्यायचा. बाकी सगळं एकदम खाली बसलं तर निदान हा एक उभा राहील, एवढीच आशा. तीही खात्रीची नाही, हे मी दर बैठकीत इतक्यांदा सांगितलं की लोकांच्या तेवढंच लक्षात राहिलं. पोरीच्या दप्तरात दोन जादा फ्रॉक कोंबणारी बाई मी, मला असलंच सुचणार. माझंच चुकत असेल.

आता विश्वस्त कोण, तर एक सोडून सगळे हळदीचे अडते. अध्यक्ष नानासो तर आयुष्यभर रुमालाखाली बोटं दाबून सौदे केलेला माणूस, आणि शाळेला देणगीही हंगाम बघून, हळद चढली की मोकळ्या हातानं. त्यांनी बैठकीत फंडाचा अहवाल वाचला आणि चष्मा काढला.

"आवं ताई, हितं हळदीपुढं विक्री लिवलंय."

म्हटलं, "हो, उतरेल असा अंदाज आहे फंडाचा."

"म्हंजी आपलीच हळद पडावी म्हणून शाळंनं पैसं लावलं?"

"पडावी म्हणून नाही हो, पडली तर म्हणून. हळद पडली की तुमची देणगी आटते ना, तेव्हा यातून..."

"म्हंजी आमी बुडालो की शाळा तरती. व्हय का न्हाई?"

आता खरं उत्तर 'हो' होतं. मी 'हो' म्हणाले. एवढी शिकले, पण कुठं गप्प बसायचं ते कुणी शिकवलं नाही. शेजारी गोपाळकृष्णकाका, तेवढे एकच बँकेतून निवृत्त झालेले विश्वस्त, सगळं समजणारे, ते चहात बिस्कीट बुडवत राहिले.

नानासो म्हणाले, "ह्या लेकरांच्या ताटात आमची हळद हाय. तिचं वाईट चिंतून आलेला पैसा त्याच ताटात नको."

डोळ्यांत पाणी होतं हो त्यांच्या. त्यावर आकडे कुठले दाखवता? सगळे हात वर गेले, फंडातला आमचा हिस्सा मोडला, आणि खरं सांगते, त्या क्षणी मलाही वाटलं, माझंच चुकत असेल.

मग हळद पडली. शेअरबाजारही त्याच सुमाराला बसला. फंड तेवढा वर गेला, आमच्याशिवाय. नानासो स्वतः शाळेत आले, "ताई, औंदा जमत न्हाई," म्हणाले आणि फरशीकडं बघत उभे राहिले. अशा माणसाला काय म्हणायचं, मी सांगत होते म्हणून? म्हटलं, बसा, चहा घ्या.

देणग्या आटल्या तसा बोलायला शिकवायचा वर्ग बंद झाला. तो घेणाऱ्या रेश्मामॅडम पुण्याला गेल्या. जाताना अपूर्वाचा हात माझ्या गळ्यावर ठेवून सांगून गेल्या... कंप हाताला कळतो, त्यावरून मूल आवाज काढायला शिकतं, तेव्हा बोलत राहा, थांबू नका. 'आई'तला 'आ' आला होता हो तिचा. 'ई' तेवढी राहिली.

म्हणून मी बोलत असते. पण रोज रोज एवढं बोलायचं काय? गोष्टी संपल्या, भाज्यांची नावं संपली, शेवटी मी तिला मॅनेज्ड फ्युचर्स समजावते, हळद का विकली तेसुद्धा. ती तळहात गळ्यावर घट्ट धरून, माझ्या तोंडाकडं बघत, एकदाही मध्ये न तोडता बसते. आमच्या अख्ख्या ट्रस्टमध्ये माझं म्हणणं शेवटपर्यंत ऐकून घेणारी तेवढी एकच.