सिमची रिकामी जागा

भाऊ: दोन तास टोकन धरून बसलोय, आणि नंबर लागतो तो नेमका तुझ्याच खिडकीवर. वा रे नशीब!

बहीण: दुसरी खिडकी हवी असेल तर नवीन टोकन घ्या. अठरा लोक आहेत पुढे.

भाऊ: ‘घ्या’? सख्ख्या भावाला अहोजाहो?

बहीण: गिऱ्हाइकाला करावंच लागतं. कार्ड मशीन दुरुस्तीला आणलंय की बदलून हवंय?

वहिनी: वन्सं, मी यांना म्हटलं होतं, त्या लांबच्या शाखेत जाऊ म्हणून. उगाच समोरासमोर...

भाऊ: तू गप्प गं. लांब कशाला जायचं? तोंड लपवायला मी काय चोरी केलीय? ज्यानं केली तो हिच्या घरात बसलाय पंख्याखाली.

बहीण: काम सांगा.

भाऊ: दाखला हवाय. तुमच्या सेंटरच्या शिक्क्याचा. ‘या कार्ड मशीनमधलं सिम कुणीतरी काढून घेतलेलं आहे.’ बस, एवढं एक वाक्य. चौकीवर विचारून आलोय. दाखला दिला की लगेच तक्रार लिहून घेतात.

बहीण: तक्रार कुणाच्या नावाची?

भाऊ: तुझ्या नवऱ्याच्या. आणखी कुणाच्या?

बहीण: चार महिन्यांनी जाग आली?

भाऊ: चार महिने मी गप्पच होतो. बहिणीकडे बघून गप्प होतो. पण त्यानं आता समोरच्या औषधवाल्याकडे शब्द टाकलाय. सोमवारपासून तिथं काउंटरवर बसणार म्हणे. माझ्या दुकानाच्या समोर! माझ्या नाकासमोर!

बहीण: म्हणजे ती नोकरी लागू नये, म्हणून चौकी.

भाऊ: चोर कुठं बसतो ते लोकांना कळायला नको?

वहिनी: अहो, हळू बोला. सगळे बघतायत.

बहीण: बघू देत, वहिनी. तुमच्या दुकानात अकरा वाजता, गिऱ्हाइकांच्या गर्दीत माझ्या नवऱ्याला हाताला धरून पायरीखाली उतरवलं, तेव्हा नाही म्हणालात हळू.

वहिनी: तेव्हा मी आत होते हो. माल लावत होते.

बहीण: पडद्याआड होतात. बरं, ते जाऊ दे. दादा, मशीन ठेव इथं टेबलावर. दोन्ही आणलीयस?

भाऊ: फोनवर सांगितलं होतं तुमच्या माणसानं, दोन्ही आणा. हे काउंटरवरचं. हे घरपोच द्यायला जाताना मी नेतो ते. सिम गेलंय ते काउंटरवरच्यातलं. तुझा नवरा दिवसभर त्याच्यासमोरच बसायचा.

बहीण: ठीक. आता ऐक. मी तुझ्या मशीनला बोटसुद्धा लावणार नाही.

भाऊ: का? कामाचे पैसे मिळत नाहीत तुला?

बहीण: मी हात लावला की उद्या म्हणशील, नवऱ्याला वाचवायला हिनंच आत काहीतरी केलं. मी ओळखून आहे तुला. उघडायचं तू, बघायचं तू, आणि जे दिसेल ते मोठ्यानं वाचायचंही तूच. मी फक्त लिहून घेणार. आहे कबूल?

भाऊ: दहादा कबूल. हे बघ, हे काढलं मागचं झाकण. ही काढली बॅटरी. आणि ही बघ, ही! सिमची जागा. रिकामी! ठणठणीत रिकामी! आणखी काय पुरावा पाहिजे?

बहीण: त्या जागेवर काय आहे?

भाऊ: काहीच नाही, तेच तर म्हणतोय!

बहीण: नीट बघ.

भाऊ: एक पातळ पट्टी आहे. प्लास्टिकची. आरपार दिसतंय.

बहीण: काढ ती.

भाऊ: निघत नाहीये. घट्ट बसलीय. नखात येत नाही.

बहीण: कशी येईल? कारखान्यात चिकटवलेली आहे. एकदा निघाली की पुन्हा चिकटत नाही, चुरगळते. आता मला सांग, त्या पट्टीखालून माझ्या नवऱ्यानं सिम काढलं कसं? मंत्र म्हणून?

भाऊ: मला शहाणपण शिकवू नकोस. सिम नाही तर मशीन चालतं कशावर? वाऱ्यावर?

बहीण: सिम आहे. आत आहे. करंगळीच्या नखाएवढं असतं, आतल्या बोर्डावर डाग देऊन पक्कं बसवलेलं. या मशीनमध्ये ते पहिल्या दिवसापासून आहे. ही बाहेरची जागा आहे ती, आतल्याला रेंज मिळाली नाही तर दुसरं घालायला. तुझ्या दुकानात कधी लागलीच नाही.

भाऊ: म्हणजे आतलं काढता येतं की नाही?

बहीण: स्क्रू ढिले केलेस तरी मशीन स्वतःला कुलूप लावून घेतं. कायमचं. मग आम्हालाही ते चालू करता येत नाही, कारखान्यात पाठवावं लागतं. तुझं मशीन काल चाललं?

वहिनी: काल काय, आज सकाळीसुद्धा चाललं. खोकल्याचं औषध न्यायला आलेल्या बाईंनी कार्ड दिलं होतं.

बहीण: मग ते कुणी उघडलेलं नाही. लिहू का पहिलं वाक्य? ‘सिम काढलेलं नाही. काढताही येत नाही.’

भाऊ: थांब! घाई करू नकोस. सिम गेलं नाही म्हणतेस, तर चार महिन्यांपूर्वी आलेलं हे पत्र काय खोटं आहे? तुमच्याच कंपनीचं आहे. वाचतो. ‘शेवटी ४४७१ असलेलं मशीन आपण काउंटरवर ठेवण्यासाठी नोंदवलं आहे. मात्र गेले सहा आठवडे ते वारंवार दुपारी बारा ते दोन या वेळेत नदीपलीकडच्या भागात आढळलं आहे.’ ऐकलंस? नदीपलीकडे! आणि मशीन तर माझ्या काउंटरवर. मग नदीपलीकडे काय गेलं? भूत?

बहीण: दुपारी बारा ते दोन तू कुठं असतोस?

भाऊ: मी नसतोच ना दुकानात! हेच तर सांगतोय चार महिने. बरोब्बर मी नसतो तीच वेळ साधली त्यानं!

बहीण: नसतोस, तर असतोस कुठं?

भाऊ: औषधं पोचवायला जातो. म्हाताऱ्या माणसांकडे. त्याचा इथं काय संबंध?

बहीण: कुठं पोचवायला?

भाऊ: पुलापलीकडे. हो, नदीच्या पलीकडे. पण मी हे दुसरं मशीन नेतो. हे बघ, याच्यावर स्पष्ट लिहिलंय, शेवटी ९०३८. पत्रात आहे ४४७१. काउंटरवरचं. हे बघ त्याचं झाकण, ४४७१. मी काय आंधळा आहे?

बहीण: नंबर कशावर लिहिलाय म्हणालास?

भाऊ: झाकणावर.

बहीण: झाकण टेबलावर आहे. मशीन तुझ्या हातात आहे. बॅटरीच्या खाली बारीक अक्षरात आणखी एक नंबर असतो. तो वाच.

भाऊ: दिसत नाही एवढं बारीक.

बहीण: गोळ्यांच्या पाकिटावरची मुदत वाचतोस दिवसभर, हे दिसत नाही? चष्मा लाव.

वहिनी: हा घ्या चष्मा. माझ्याच पर्समध्ये आहे.

भाऊ: शून्य... सहा... हे कुणीही चिकटवू शकतं. कागदच आहे शेवटी.

बहीण: मग कागदावर विश्वास ठेवू नकोस. बॅटरी घाल, मशीन चालू कर. उजवीकडचं खालचं बटण दाबून धर. यादी येईल. ‘मशीनची माहिती’ वर जा. तिथं मशीनचा नंबर येतो आणि खाली आतल्या सिमचा. तो आतून येतो, चिकटवता येत नाही कुणाला. कंपनीला दिसतो तोच नंबर, झाकण नाही दिसत त्यांना. वाच मोठ्यानं. सगळे बघतायत म्हणाल्या ना वहिनी, त्या सगळ्यांनाही ऐकू दे.

भाऊ: आलं. शेवटी... नव्वद... अडतीस.

बहीण: कुठल्या मशीनमध्ये?

भाऊ: काउंटरवरच्या. पण हे कसं... मशीन बिघडलंय.

बहीण: आता दुसरं चालू कर. तू पुलापलीकडे नेतोस ते.

भाऊ: काही गरज नाही.

वहिनी: द्या इकडे, मी करते. कुठलं बटण म्हणालात, वन्सं? उजवीकडचं? हं. आलं. चव्वेचाळीस एकाहत्तर. अगं बाई! अहो, हे तर ४४७१! अहो, रोज दुपारी तुम्हीच हे स्कूटरच्या डिकीत घालून...

भाऊ: कळलं! ओरडू नकोस.

बहीण: झाकणं बदलली कशी, ते सांग आता.

भाऊ: मला काय माहीत? तुझ्या नवऱ्यानंच बदलली असतील.

वहिनी: नाही हो. रोज दुकान बंद करताना हेच दोन्ही मशीनच्या बॅटऱ्या काढून ठेवतात. बॅटरीला विश्रांती पाहिजे म्हणतात. मामंजी नाही का, रेडिओचे सेल काढून ठेवायचे, तसं. मग दोन्ही झाकणं एका ताटलीत, मी ती पुसते, आणि सकाळी हे लावतात.

भाऊ: पुसतेस तू! सरमिसळ तू केलीस!

वहिनी: पुसते मी, लावता तुम्ही! दोन झाकणं सारखीच दिसतात, बघून लावायला काय झालं होतं? भावोजी तर म्हणायचे यांना, ‘रोज काढू नका, झाकणाची खाच झिजेल.’ तर त्यांनाच झापलं होतं, ‘माझ्या वडिलांची सवय आहे, मला शिकवू नकोस.’

बहीण: त्यानं हे घरी सांगितलं होतं मला. पण तेव्हा हे पत्र कुणी आम्हाला दाखवलं होतं? नुसतं ‘सिम चोरलं, सिम चोरलं’. दादा, मी सहा वर्षं याच मशीनचं काम करते. एकदा, फक्त एकदा मला विचारलं असतंस! तुझी बहीण आहे म्हणून नको, या खिडकीवर बसते म्हणून तरी.

भाऊ: चोराच्या बायकोला काय विचारायचं, असं वाटलं.

बहीण: आताही तोंडातून तेच येतंय.

भाऊ: तेव्हा वाटलं म्हटलं मी. बरं, झालं ते झालं. त्याला म्हणावं, ये परत सोमवारी. जागा रिकामीच आहे. माझं काही मनात नाही.

बहीण: तुझ्या मनात काही नाही! लाज कशी वाटत नाही रे तुला? चार महिने तो माणूस भाजी आणायला बाहेर पडत नाही. मुलीच्या शाळेत पालकांच्या सभेला मी एकटी जाते. आणि तू त्याला माफ करायला निघालास?

भाऊ: मग काय करू? पाया पडू त्याच्या?

बहीण: व्यापाऱ्यांच्या ग्रुपवर त्याचा फोटो टाकला होतास. दोनशे चाळीस लोकांच्या. ‘याला कुणी कामावर ठेवू नये.’ त्याच ग्रुपवर लिही. आत्ता. माझ्यासमोर.

भाऊ: घरी जाऊन लिहितो.

बहीण: फोटो घरी जाऊन टाकला होतास का? पायरीवरच काढलास आणि पायरीवरूनच टाकलास.

भाऊ: लोक मला हसतील, कळतंय का तुला? दोन झाकणं नीट लावता आली नाहीत म्हणतील. तीस वर्षांचं नाव आहे माझं बाजारात.

बहीण: त्याचंही होतं.

वहिनी: लिहा हो. लिहा.

भाऊ: लिहितो. ‘काही गैरसमज झाला होता, तो दूर झाला आहे.’ बास?

बहीण: गैरसमज कुणाला झाला होता? आभाळाला?

भाऊ: तुला माझं नाक घासायचंच आहे.

बहीण: हो. घासायचं आहे. मी काय देवमाणूस नाही. लिही, ‘चूक माझी होती.’ आणि त्याचं पूर्ण नाव घाल, फोटोखाली घातलं होतंस तसं.

(भाऊ बराच वेळ एका बोटानं लिहीत राहतो.)

भाऊ: गेलं. बघ. ‘चूक माझी होती. त्यांनी काहीही घेतलेलं नव्हतं. दोन मशीनची झाकणं मीच उलटी लावली होती.’ झालं समाधान?

बहीण: दाखला छापून आलाय. सही कर इथं. ‘सिम काढलेलं नाही.’ शिक्का मारलाय, चौकीवर न्यायचा असेल तर ने.

भाऊ: आता टोमणे पुरेत. फोन लाव त्याला. दे माझ्याकडे, मी बोलतो दाजींशी.

बहीण: चार महिन्यांनी दाजी आठवले?

भाऊ: लाव म्हटलं ना.

बहीण: लागणार नाही. तू फोटो टाकलास त्या रात्रीपासून बाजारातले लोक फोन करून शिव्या घालायचे. तिसऱ्या दिवशी त्यानं फोनमधलं सिम काढलं आणि देवाच्या फोटोमागे ठेवून दिलं. तुला शोधायचंच होतं ना काढलेलं सिम? ते तिथं आहे.

वहिनी: अहो, चला. उठा. त्यांच्या घरी जाऊ.

भाऊ: आत्ता? तो... ते दार उघडतील?

बहीण: नाही सांगता येत. बेल वाजली की हल्ली तो आतल्या खोलीत जातो. दोनदा वाजवून थांब, मी तशी वाजवते.