निळा पंख

डोळ्यांत थेंब घालून बाकावर बसवलेल्या देवकीबाईंना काही दिसत नव्हतं. शेजारच्या बापलेकीचं मात्र सारं ऐकू येत होतं.

“मिनल, तुह्या ग्लायडरचा पंख दुरुस्त करून आणला वं! लकडगंजच्या कूलरवाल्यानं तड्यावर फायबरचे चार थर दिले.”

“चार? बाबा, एकच पंख जड झाला न! एका बाजूले कलणार ते.”

“मंग दुसऱ्यालेही देऊ चार.”

“वजनाचा हिशोब राह्यते, बाबा. त्याले इंजिन नाही.”

“म्हणून तर म्हणत होतो, त्यातलंच इंजिनवालं घे. नाहीतर अठरा मीटर पंखाचं.”

“स्पर्धा पंधरा मीटरवाल्यांची आहे. रंग तरी पांढराच ठेवला न?”

“निळा दिला. पांढरा लवकर मळते.”

“अवो बाबा, निळा उन्हात तापते! तापला का फायबर नरम पडते, म्हणून तर सारे ग्लायडर पांढरे राह्यतात. मले काहून नाही विचारलं?”

“तुले खूश करायचं होतं.”

“परवा स्पर्धा आहे. आता कोण उडवू देईल मले हे?”

“काहून नाही देणार? पाच वर्षांची गॅरंटी आहे.”

“कशाची?”

“पाणी नाही गळणार.”

आतून डोळे तपासायला मिनलचं नाव दोनदा पुकारलं गेलं. शेजारून कुणी उठल्याचं मात्र देवकीबाईंना बाकावर जाणवलं नाही.