कॅमेऱ्यासमोरची पालिका

माहितीपट काढणाऱ्या बाईची दाढ अशी सुजली होती, की गालाला फडकं गुंडाळून ती पालिकेच्या दवाखान्याच्या रांगेत उभी राहिली, तर पुढच्या नणंद-भावजयांनी तिला ओळखलंच नाही. वर्षभर पालिकेच्या सभा तिने मुकाट टिपल्या होत्या. कशात पडायचं नाही, हा तिचा बाणा.

“वन्सं, कॅमेरेवाली उद्या चालली म्हणे.”

“अगं बाई! आणि हा दवाखाना बंद करायचा ठराव परवाच्या सभेत यायचाय ना?”

“तर काय! ती आल्यापासून नगराध्यक्ष सभेत घोरायचे थांबलेत.”

“घोरण्याचं काय घेऊन बसलीस? मागच्या सभेत मला उठून खुर्ची दिली. सख्ख्या आईला दिली नसेल!”

“ती म्हणते, मी नुसती बघते, माझ्यामुळे काही बदलत नाही.”

“डोंबल! मेलीने अख्खी पालिका माणसांत आणली.”

“ती गेली, की हात वर करून मोकळे होतील.”

“मग माझ्या गुडघ्यांनी जायचं कुठे?”

बाईचा नंबर लागला. डॉक्टरांनी दाढ तपासली.

“गोळ्या घ्या. उद्या प्रवासाला हरकत नाही.”

“हरकत आहे,” बाई म्हणाली. “चार दिवस हलायचं नाही, असं जरा दरडावून सांगा मला.”