पेटीतला बेडूक

शिरूरच्या जनावरांच्या दवाखान्यात मीरासाहेब लंगडी शेळी धरून बसले होते. समोरच्या बाकावर एका म्हातारीच्या मांडीवर काचेची पेटी होती आणि पेटीत बेडूक. तिच्या शेजारचे टोपीवाले आप्पा गप्प बसणाऱ्यातले नव्हते.

"बेडकालाबी दवाखाना? लई लाडाचा दिसतोय, आजी."

"दोन दिस झालं, काय खात न्हाई."

"पाळलाय व्हय?"

"नातवाची हौस. परदेशी झाडबेडकाची जोडी मागवली त्यानं, ह्याच पेटीत वाढवली."

"बराबर हाय. आपल्याकडं बेडकांचा दुष्काळच की."

"तवा व्हता. धोंडी काढायची आन् गावचे समदे बेडूक मातीत दडलेले. मग तीच जोडी लिंबाच्या डहाळ्यात बांधून गावभर फिरवली आन् रीतीपरमानं विहिरीत सोडली."

"पडला का मग पाऊस?"

"पाऊस बेताचाच. पिल्लं मात्र धो धो. वरसात विहीर त्यांनीच भरली. आपल्या बेडकांस्नी खाऊन बसलेत."

"वा. पाव्हणा आला आन् घरधनी झाला. आन् तुम्ही त्यातलाच एक दवाखान्यात आणलाय."

"न्हाई वो आप्पा. ह्यो आपला गावठी हाय. एवढा एकच घावला, म्हणून पेटीत ठिवलाय."