दाराशी डॉक्टरांचा आवाज

दाताच्या दवाखान्यात एक निवृत्त शिक्षिकाबाई आपला नंबर लागायची वाट बघत होत्या. समोरच्या बाकावर दोघा बहीणभावांनी खेळाचा नकाशा पसरला होता.

“ताई, हे परग्रहवाले ज्याला खातात त्याचा आवाज त्यांना मिळतो. माझा डॉक्टर मागच्या डावात गेला. नियमाप्रमाणे आता मी त्यांच्या बाजूने.”

“माहितेय. फितूर कुठला.”

“मेलेला माणूस फितूर कसा होईल? ऐक, मी तुमच्या तळाच्या दाराशी आलोय. कॅप्टन, दार उघडा. मी डॉक्टर. थंडीने गारठलोय.”

“आवाज हुबेहूब काढतोस. उघडणार नाही.”

“तुमचा पाय कोणी शिवला होता, कॅप्टन?”

“डॉक्टरांनी. देवमाणूस होता. दार बंदच राहील.”

“मग मी फोडतो. सहा पडला की फुटलं.”

“थांब, आधी माझी चाल. उरलेली सगळी माणसं मागच्या बोगद्याने यानाकडे निघाली. मी दाराशी बसून तुझ्याशी बोलत राहते.”

“तू नाही जात?”

“मी गेले तर इथे सामसूम होईल. मग तू बोगद्याकडे वळशील.”

“अगं, दार फुटलं तर तुलाही खाणार. वर्षभर जपलेली कॅप्टन आहे ती.”

“ठाऊक आहे.”

“हवं तर मी आज माघारी जातो. आईशप्पथ, कुणाला सांगणार नाही.”

बाईंनी हातातलं मासिक मिटून मांडीवर ठेवलं.

“लबाडी नको. नीट खेळ. टाक फासा.”

“पाच. वाचलीस.”

“माणसं अजून बोगद्यातच आहेत. बोला डॉक्टर, मी ऐकतेय. आणि पुन्हा टाका.”